अपील टाकलं तरी वसुली थांबत नाही, स्टेचा अर्ज वेगळा द्यावा लागतो

2024 च्या पोळ्याच्या दोन दिवस आधीची गोष्ट. चोपडा तालुक्यातले एक काका सकाळी सकाळी आमच्या ऑफिसात आले. मी जळगावात एका करसल्लागाराकडे 14 वर्षं कामाला आहे, रोज नोटिसा बघतो, पण त्या दिवशी काकांचा चेहरा बघून मीच आधी त्यांना पाणी दिलं. हातात पासबुक, प्लॅस्टिकच्या पिशवीत सातबारे, आणि एकच वाक्य, "आते काय करानं भाऊ, बँकवाला म्हनस खातं बंद शे." खात्यात केळीचे 2 लाख 14 हजार पडलेले, मजुरांचे पैसे द्यायचे, बैलांचा साज आणायचा, आणि इन्कम टॅक्सची नोटीस बँकेत येऊन खातं सील. मी विचारलं अपील केलंय का, तर काका म्हणाले हो, एप्रिलमध्येच केलंय, ज्याने करून दिलं तो म्हणाला आता काळजी करू नका, अपीलचा निकाल लागेपर्यंत कोणी हात लावत नाही.

हे जे शेवटचं वाक्य आहे ना, तेच आपल्याकडे शेकडो लोकांना गोत्यात आणतं, आणि म्हणूनच हे सगळं सविस्तर लिहायला बसलोय. आयकरात अपील दाखल केलं म्हणजे वसुली थांबली असं अजिबात नाही. अपील हा एक कागद, स्टेचा, म्हणजे वसुलीला स्थगिती मागण्याचा अर्ज हा दुसरा कागद, आणि दुसरा दिला नाही तर पहिला कितीही भक्कम असला तरी ऑफिसर बँकेला नोटीस काढू शकतो, कायद्यानं काढू शकतो.

गोंधळ होतो त्याला कारणही आहे. जीएसटीत नियम वेगळा आहे. तिथे पहिल्या अपिलाला वादातल्या टॅक्सच्या 10 टक्के भरले की बाकीची वसुली कलम 107 प्रमाणे आपोआप स्थगित होते, वेगळा अर्ज लागत नाही. जळगावचे सराफ, धुळ्याचे व्यापारी, नंदुरबारचे मिरचीवाले, ज्यांनी जीएसटीचं अपील एकदा केलंय ते इन्कम टॅक्समध्येही तसंच असेल म्हणून निवांत बसतात. आयकर कायद्यात तसं आपोआप काही नाही. तिथे कलम 220(6) आहे, आणि त्यात असं म्हटलंय की अपील पेंडिंग असेपर्यंत असेसिंग ऑफिसर (टॅक्स ठरवणारा अधिकारी) वादातल्या रकमेपुरतं तुम्हाला थकबाकीदार न धरण्याचा निर्णय घेऊ शकतो, अटी घालून. घेऊ शकतो, म्हणजे तुम्ही मागितलं तर आणि त्याला पटलं तर.

(1 एप्रिल 2026 पासून नवा आयकर कायदा 2025 लागू झालाय आणि त्यात कलमांचे नंबर बदललेत, पण आधीच्या वर्षांच्या ज्या असेसमेंट आणि डिमांडी आहेत त्या 1961 च्या कायद्यानेच चालतात, म्हणून मी इथे जुनेच नंबर देतोय, तुमच्या ऑर्डरवरही तेच छापलेले असतील.)

आधी काकांची डिमांड झाली कशी ते सांगतो, कारण खान्देशात केळी आणि कापसाच्या पट्ट्यात हीच केस परत परत येते. 2018-19 मध्ये त्यांनी केळी विकून आलेले 11 लाख 40 हजार वर्षभरात थोडे थोडे करून बँकेत रोख भरले. शेतीचं उत्पन्न कलम 10(1) खाली करमुक्त, म्हणून रिटर्न कधी भरलंच नाही. बँकेने रोख भरण्याची माहिती आयकर खात्याला कळवली, 2023 मध्ये कलम 148 ची, म्हणजे जुन्या वर्षाची केस उघडण्याची नोटीस निघाली, आणि ती गेली कुठल्या ईमेलवर तर पॅनकार्ड काढताना दुकानवाल्याने टाकलेल्या त्याच्या स्वतःच्या ईमेलवर. कोणी बघितली नाही, कोणी उत्तर दिलं नाही, मार्च 2024 ला एकतर्फी ऑर्डर झाली. सगळी रोख कलम 69ए खाली हिशोब न लागलेला पैसा म्हणून धरली, आणि अशा पैशाला कलम 115बीबीई लागतं, 60 टक्के टॅक्स, त्यावर 25 टक्के सरचार्ज, त्यावर 4 टक्के सेस, सगळं मिळून 78 टक्के. म्हणजे 8 लाख 89 हजार 200 नुसता टॅक्स. त्यावर 234ए आणि 234बी चं व्याज महिन्याला एकेक टक्का, पाच वर्षांचं. डिमांड आली 19 लाख 11 हजार 780 रुपयांची. भरले होते 11 लाख 40 हजार आणि मागतायत 19 लाख, हे काकांना समजावून सांगताना माझाच घसा कोरडा पडला.

आता मुद्द्याला येतो, करायचं काय आणि कुठल्या क्रमाने.

ऑर्डर सोबत कलम 156 ची डिमांड नोटीस येते, ती मिळाल्यापासून 30 दिवसांत भरायचं असतं. अपील करायची मुदतही 30 दिवसच. दोन्ही घड्याळं एकदमच सुरू होतात हे डोक्यात ठेवा. 31 व्या दिवसापासून तुम्ही थकबाकीदार, आणि न भरलेल्या रकमेवर 220(2) प्रमाणे महिन्याला 1 टक्का व्याज चालू, महिन्याचा एक दिवस गेला तरी पूर्ण महिना धरतात. वर कलम 221 चा दंड लागू शकतो तो वेगळाच. म्हणून शक्यतो स्टेचा अर्ज या 30 दिवसांच्या आतच द्या, अपील दाखल केलं त्याच दिवशी किंवा फार तर दुसऱ्या दिवशी. उशीर झाला तरी अर्ज देता येतो, काकांचा आम्ही पाच महिन्यांनी दिला, पण तोवर बँकेचं खातं गेलेलं होतं.

अर्ज लिहिण्याआधी डिमांडचा हिशोब स्वतः तपासा, हे फार लोक करत नाहीत. टीडीएस कापलेला आहे पण क्रेडिट दिलेलं नाही, सेल्फ असेसमेंटचं चलन धरलेलं नाही, व्याज जास्त महिन्यांचं लावलंय, अशा चुका सर्रास असतात. चूक सापडली तर कलम 154 चा दुरुस्ती अर्ज लगेच टाका आणि स्टेच्या अर्जात तसं लिहा, कारण पुढे जे 20 टक्के भरायचे ते दुरुस्त रकमेवर निघायला हवेत. आमच्याकडे अमळनेरच्या एका कापूस व्यापाऱ्याचं नुसतं टीडीएसचं क्रेडिट लागल्यावर डिमांड जवळपास निम्म्यावर आली.

मग अपील. फॉर्म 35, ई-फायलिंग पोर्टलवर ऑनलाइन, फी ठरवलेल्या उत्पन्नावर अवलंबून 250, 500 किंवा 1000 रुपये. यात एक खड्डा आहे आणि आपल्या शेतकऱ्यांची अपिलं याच खड्ड्यात पडतात. कलम 249(4) म्हणतं की ज्याने रिटर्न भरलंच नाही त्याने जेवढा अॅडव्हान्स टॅक्स देय होता तेवढा भरल्याशिवाय अपील दाखल करून घेऊ नये. फॉर्ममध्ये त्याचा रकाना आहे. तिथे लोक नुसतं नाही लिहून पुढे जातात आणि दोन वर्षांनी अपील मूळ मुद्दा न बघताच फेटाळलं जातं, आणि अपील गेलं की त्यावर उभा असलेला स्टेही गेला. तिथे लिहायचं असं, की माझं उत्पन्न शेतीचं आणि करमुक्त आहे, करपात्र उत्पन्न मर्यादेच्या आत आहे, म्हणून अॅडव्हान्स टॅक्स देय नव्हता, तरीही लागू होतो असं वाटल्यास या कलमातून सूट द्यावी ही विनंती. कारण देऊन सूट मागायची सोय त्याच कलमात आहे. आणि 30 दिवस उलटून गेले असतील तर उशीर माफीचा अर्ज सोबत जोडा, कारण खरं लिहा, नोटीस दुसऱ्याच्या ईमेलवर गेली होती तर तेच लिहा, पोर्टलवरच्या प्रोफाइलचा स्क्रीनशॉट लावा.

आता 20 टक्क्यांची गोष्ट. सीबीडीटी म्हणजे केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळ, त्याची जुनी सूचना क्रमांक 1914, तिच्यात 29 फेब्रुवारी 2016 च्या मेमोने बदल झाला आणि सांगितलं गेलं की पहिल्या अपिलात वादात असलेल्या डिमांडच्या 15 टक्के भरले तर ऑफिसरने बाकीच्याला अपिलाचा निकाल लागेपर्यंत स्टे द्यावा. 31 जुलै 2017 ला ते 15 चे 20 टक्के झाले. आज ऑफिसात गेलात की पहिला प्रश्न हाच येतो, 20 टक्के भरले का. पण लक्षात घ्या हे 20 टक्के फक्त वादातल्या रकमेचे. ज्या भागाबद्दल तुमचं भांडणच नाही तो भाग पूर्ण भरावाच लागतो.

त्याच मेमोत कमी-जास्त करायचीही सोय आहे. हाच मुद्दा तुमच्याच आधीच्या वर्षात अपिलात तुमच्या बाजूने सुटला असेल, किंवा सुप्रीम कोर्टाचा किंवा आपल्या हायकोर्टाचा निकाल तुमच्या बाजूने असेल तर 20 पेक्षा कमी घ्यायला वाव आहे. उलट तोच मुद्दा आधी तुमच्या विरुद्ध गेलेला असेल किंवा धाडीत सर्व्हेत ठोस पुरावा सापडला असेल तर ते जास्त मागू शकतात. आणि 2018 मध्ये सुप्रीम कोर्टाने एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या केसमध्ये स्पष्ट सांगितलंय की हे प्रशासकीय परिपत्रक कमिशनरचे हात बांधत नाही, प्रत्येक केसची परिस्थिती बघून 20 टक्क्यांपेक्षा कमी रकमेवरही स्टे देता येतो. ऑफिसर म्हणाला आमच्या हातात काही नाही, 20 म्हणजे 20, तर शांतपणे या निकालाचा उल्लेख अर्जात करा. तोंडी वाद घालू नका, त्याने काही होत नाही, लिहिलेलं राहतं.

अर्ज कसा लिहायचा. पानभर ते दोन पानं, जास्त नको. वर नाव, पॅन, असेसमेंट वर्ष, ऑर्डरची तारीख आणि डीआयएन (ऑर्डरवर छापलेला दस्तऐवज ओळख क्रमांक), डिमांडची रक्कम, अपिलाचा पोच क्रमांक आणि तारीख. आमच्याकडे अर्ज इंग्रजीतच देतात, तरी मजकूर काय असतो ते कळावं म्हणून काकांच्या अर्जातला मधला भाग मराठीत देतो:

"अर्जदार हा शेतकरी असून गट नंबर अमुक मधील 3 हेक्टर 20 आर क्षेत्रात केळी घेतो. सन 2018-19 च्या गाव नमुना 12 वर केळी पिकाची नोंद आहे. व्यापाऱ्याच्या 41 काटापट्ट्या (वजनाच्या पावत्या) सोबत जोडल्या असून त्यांची बेरीज बँकेत भरलेल्या रोख रकमेशी जुळते. नोटीस अर्जदाराच्या ईमेलवर आली नसल्याने हा पुरावा असेसमेंटच्या वेळी देता आला नाही. त्यामुळे अपिलात अर्जदाराची बाजू प्रथमदर्शनी भक्कम आहे. अर्जदाराचे दुसरे कोणतेही उत्पन्न नाही. सध्या बागेत उभे पीक असून खते, पाणी व मजुरी थांबल्यास संपूर्ण हंगाम वाया जाईल व ते नुकसान अपील जिंकूनही भरून येणार नाही. तरी कलम 220(6) खाली अपिलाचा निर्णय होईपर्यंत वसुली स्थगित करावी."

यात बघा, तीन गोष्टी आल्या. केस वरवर बघता खरी वाटते का, पैशाची अडचण किती आहे, आणि आत्ता वसुली केली तर नंतर न भरून येणारं नुकसान होईल का. मुंबई हायकोर्टाने केईसी इंटरनॅशनलच्या 2001 च्या निकालात ऑफिसरने स्टेचा अर्ज ठरवताना काय बघायचं ते सांगून ठेवलंय, करदात्याचा मुद्दा थोडक्यात मांडायचा, कारणं द्यायची, रिटर्नपेक्षा फार जास्त उत्पन्न ठरवलंय का ते बघायचं, पैशाची अडचण सांगितली असेल तर ती विचारात घ्यायची, आणि अर्ज फेटाळला तरी वरच्याकडे जायला वेळ मिळेपर्यंत जबरदस्तीची वसुली करायची नाही. 2012 च्या युटीआय म्युच्युअल फंडच्या निकालातही अपिलाची मुदत संपण्याआधी साधारणपणे वसुली करू नये आणि बँक खात्याला हात लावण्याआधी करदात्याला पुरेसा वेळ द्यावा असं आहे. दोन्ही आपल्याच हायकोर्टाचे निकाल आहेत, अर्जात एका ओळीत लिहा, ऑफिसरला ते माहीत असतात.

पैशाची अडचण नुसती शब्दांत लिहून भागत नाही. कागद लावा. सोसायटीच्या कर्जाचा दाखला, बँकेचं स्टेटमेंट, ठिबकचे हप्ते, लाइट बिल, मुलीच्या कॉलेजच्या फीची पावती असेल तर तीही. आपल्याकडे मे-जूनच्या वादळात केळी आडवी होते, त्याचा तलाठ्याचा पंचनामा असेल तर तो सगळ्यात वर लावा, सरकारी माणसाच्या सहीचा नुकसानीचा कागद आहे तो, त्यापेक्षा चांगला पुरावा कुठला. आणि मालाच्या विक्रीचा पुरावा म्हणून सातबारा, 8अ आणि काटापट्ट्या. 41 काटापट्ट्या काकांच्या घरी माळ्यावर बिस्किटाच्या डब्यात होत्या, सगळ्या पिवळ्या पडलेल्या, काहींवरची शाई उडालेली, काकूंनी जपून ठेवल्या होत्या म्हणून केस उभी राहिली. मी त्या एकेक करून तारखेने लावल्या, प्रत्येकीच्या पुढे बँकेत भरणा झाल्याची तारीख लिहिली, क्विंटल, भाव, रक्कम, असा एक तक्ता केला आणि अर्जाला पहिलं जोडपत्र तेच लावलं. ऑफिसरने सगळा अर्ज वाचला की नाही माहीत नाही पण तो तक्ता त्याने बोट लावून लावून वाचला, माझ्यासमोर.

अर्ज द्यायचा कोणाला हा प्रश्न फेसलेस, म्हणजे ऑफिसर समोर न येता ऑनलाइन चालणारी पद्धत आल्यापासून फार जण विचारतात. ऑर्डर फेसलेस युनिटने केलेली असली तरी वसुलीचं काम तुमच्या भागातल्या ऑफिसरकडेच असतं, ज्याला ज्युरिस्डिक्शनल असेसिंग ऑफिसर, थोडक्यात एओ म्हणतात. पोर्टलवर पॅन टाकून आपला एओ कोण ते बघता येतं. जळगाव, धुळे, नंदुरबार, जिथला असेल तिथे प्रत्यक्ष जा, दोन प्रती न्या, आवक विभागात एक द्या आणि दुसरीवर शिक्का, तारीख घेऊन या. त्याच दिवशी ऑफिसच्या सरकारी ईमेलवरही पीडीएफ टाका. पोच नसलेला अर्ज म्हणजे दिलेलाच नाही असं समजा. बऱ्याच जणांनी साहेबांशी बोललो, साहेब बघतो म्हणाले, एवढ्यावर विश्वास ठेवला आणि सहा महिन्यांनी साहेबांची बदली झाली.

दुसरं काम पोर्टलवर. लॉगिन करून पेंडिंग अॅक्शन्समध्ये रिस्पॉन्स टू आउटस्टँडिंग डिमांड उघडा, त्या वर्षाच्या डिमांडला डिसअॅग्री निवडा, कारणात अपील दाखल केलंय आणि स्टेचा अर्ज दिलाय हा पर्याय घ्या, तारखा टाका, पोच अपलोड करा. हे केलं नाही तर बंगळुरूच्या सीपीसीला (रिटर्न आणि रिफंड बघणाऱ्या केंद्राला) काही कळत नाही, त्यांच्या यंत्रात ती डिमांड उभीच दिसते आणि तुमचा दुसऱ्या वर्षाचा रिफंड कलम 245 ने तिकडे वळवतात. 245 ची सूचना आली की तिच्यात दिलेल्या मुदतीत उत्तर द्यायचं, सोडायचं नाही. स्टे मिळाल्यावरही रिफंडमधून त्यांना वळवायचा अधिकार स्टेच्या अटीत जेवढी रक्कम भरायची ठरली तेवढ्यापुरताच, आधीच 20 टक्के भरले असतील तर पुढचा रिफंड का अडवला म्हणून लगेच लिहा.

20 टक्के भरताना ई-पे टॅक्समधून डिमांडच्या समोर दिसणाऱ्या पर्यायानेच भरा, रेग्युलर असेसमेंट टॅक्स, मायनर हेड 400, आणि असेसमेंट वर्ष दोनदा तपासा. सेल्फ असेसमेंट म्हणजे 300 मध्ये भरलं किंवा वर्ष चुकलं तर पैसे गेले पण डिमांडला लागले नाहीत असं होतं, मग चलन दुरुस्तीसाठी परत फेऱ्या.

एकदम भरायला नसतील तर हप्ते मागा. कलम 220(3) मध्ये ती सोय आहे, पण त्या कलमाप्रमाणे अर्ज मुदत संपायच्या आत करायचा असतो. आणि हप्ते मागताना नुसतं हप्ते द्या असं लिहू नका, तारखा तुम्ही द्या आणि त्या पिकाला बांधा. कापूसवाल्याने दिवाळीनंतरच्या तारखा मागाव्यात, केळीवाल्याने बाग कापणीला येते त्या महिन्याच्या. अशी मागणी खोटी वाटत नाही, कारण ती खरीच असते, आणि ऑफिसरलाही फाइलवर लिहायला कारण मिळतं.

मेमोप्रमाणे ऑफिसरने स्टेचा अर्ज दोन आठवड्यांत निकाली काढायचा असतो. प्रत्यक्षात लागतो जास्त वेळ, म्हणून 15 व्या दिवशी एका ओळीचं स्मरणपत्र द्या, पोच घ्या. अर्ज फेटाळला किंवा झेपणार नाही एवढी रक्कम सांगितली तर पुढची पायरी प्रिन्सिपल कमिशनर, आपल्या भागासाठी नाशिक. तिथे रिव्ह्यू अर्ज करायचा, त्यालाही दोन आठवड्यांची मुदत मेमोतच आहे. तिथे वकील किंवा सीए सोबत न्यावा असं माझं मत आहे, कारण तिथे सुनावणी मिळते आणि केस पाच मिनिटांत मांडावी लागते. तिथेही नाही झालं तर रिट याचिका, आणि खान्देशचे तिन्ही जिल्हे हायकोर्टाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठाकडे येतात, मुंबईला जायची गरज नाही. पण रिटचा खर्च धरा, 3-4 लाखांच्या वादासाठी हायकोर्ट बहुतेक परवडत नाही, मी तरी लोकांना तसं स्पष्ट सांगतो.

आता बँक खातं आधीच सील झालं असेल तर. कलम 226(3) ची नोटीस बँकेला जाते आणि बँकेने ते पैसे आयकर खात्याला पाठवायचे असतात. बँकेच्या मॅनेजरवर चिडून उपयोग नाही, त्याने नाही पाठवले तर तोच अडचणीत येतो. त्याच्याकडून नोटिशीची प्रत घ्या, तिच्यावर कुठल्या वर्षाची किती रक्कम ते असतं, आणि तडक एओकडे जा, स्टेचा अर्ज आणि खातं मोकळं करण्याचा अर्ज एकत्रच द्या. खातं नवरा-बायकोच्या नावावर जोडखातं असेल तर कायदा उलट सिद्ध होईपर्यंत दोघांचा वाटा सारखा धरतो, म्हणजे निम्म्याला हात लावायचा नाही हे लिहून मागा. पीक कर्जाचं केसीसी खातं अडकलं असेल तर ती कर्जाची मर्यादा आहे, बँकेकडे ठेवलेले तुमचे पैसे नाहीत, हा मुद्दा बँकेला आणि एओला दोघांना लेखी कळवा.

काकांच्या बाबतीत आम्ही हिशोब असा मांडला. 19,11,780 चे 20 टक्के म्हणजे 3,82,356. खात्यात अडकलेले 2,14,000 बँकेने पाठवलेले नव्हते अजून. आम्ही लिहून दिलं की हे 2,14,000 घ्या, ते 20 टक्क्यांत धरा, राहिलेले 1,68,356 आम्ही तीन हप्त्यांत भरतो, आणि खातं आजच मोकळं करा. पुरावा एवढा चांगला असताना 20 टक्के तरी का भरायचे, नाशिकला जाऊन कमी करून घेऊ असं आमच्या सरांचं म्हणणं होतं आणि कायद्याने ते बरोबरही होतं. पण काका म्हणाले मला खातं चालू पाहिजे, मजूर निघून गेले तर बाग जाईल. मला त्यांचं पटलं. कधी कधी 10 टक्क्यांसाठी महिनाभर भांडण्यापेक्षा आठवड्यात खातं सुटणं जास्त मोलाचं असतं, ते ज्याचं त्याने आपल्या शेताकडे बघून ठरवावं. नवव्या दिवशी लेखी ऑर्डर हातात आली, दहाव्या दिवशी बँकेला पत्र गेलं.

स्टेची ऑर्डर हातात आली की ती नीट वाचा. तिच्यात अटी असतात, अपिलाच्या कामात सहकार्य करायचं, हप्ता चुकवायचा नाही, आणि साधारण सहा महिन्यांनी ऑफिसर फेरविचार करू शकतो. अपिलाची नोटीस फेसलेसमध्ये पोर्टलवरच येते, तिला उत्तर दिलं नाही तर सहकार्य नाही म्हणून स्टे रद्द होऊ शकतो. म्हणून सगळ्यात आधी पोर्टलवरच्या प्रोफाइलमध्ये ईमेल आणि मोबाईल बदला, स्वतःचा किंवा घरातल्या शिकलेल्या पोराचा टाका, सायबर कॅफेवाल्याचा नको, अगदी करसल्लागाराचाही एकट्याचा नको, दुसरा पर्यायी नंबर घरचाच द्या.

दंडाची ऑर्डर वेगळी येते हेही सांगून ठेवतो. 115बीबीई च्या केसमध्ये कलम 271एएसी चा टॅक्सच्या 10 टक्के दंड लागतो, त्याची डिमांड वेगळी, अपील वेगळं, स्टेचा अर्जही वेगळा. टॅक्सला स्टे आहे म्हणून दंडालाही आहे असं नाही.

आणि व्याज थांबत नाही. स्टे असला तरी 220(2) चं व्याज मागे चालू राहतं, अपील हरलात तर ते भरावं लागतं, जिंकलात तर मूळ डिमांड जाते त्या प्रमाणात व्याजही जातं, आणि तुम्ही भरलेले 20 टक्के कलम 244ए प्रमाणे महिन्याला अर्धा टक्का व्याजासकट परत मिळतात. ज्याला आपली केस कच्ची आहे हे मनातून माहीत आहे त्याने हा हिशोब आधीच करावा.

पहिलं अपील हरलं तर त्या ऑर्डरवरचा एओचा स्टे तिथेच संपतो. मग दुसरं अपील ट्रिब्युनलकडे (आयकर अपील न्यायाधिकरण), आपल्याला पुणे बेंच. तिथे अपिलासोबत स्टेचा वेगळा अर्ज, फी 500 रुपये, आणि 2020 पासून कायद्यातच लिहिलंय की 20 टक्के भरणं किंवा तेवढं तारण देणं ही अट. स्टे 180 दिवसांचा मिळतो, वाढवून एकूण 365 दिवसांपर्यंत, आणि त्यानंतरही उशीर तुमच्यामुळे झालेला नसेल तर स्टे आपोआप उठत नाही असं सुप्रीम कोर्टाने 2021 च्या पेप्सी फूड्सच्या निकालात म्हटलंय. पहिल्या अपिलात भरलेले 20 टक्के किती आणि कधी भरले त्याची चलनं सांभाळून ठेवा, तिथे पहिली तीच मागतात.

काकांनी तिसरा हप्ता नवी बाग कापल्यावर भरला. चलनाच्या तीन झेरॉक्स, स्टेच्या ऑर्डरची प्रत आणि बँकेला गेलेलं पत्र मी एकाच फाइलमध्ये लावून दिलंय, काटापट्ट्यांचा डबा पण आता माळ्यावर नाही, कपाटात आहे. अपिलाची पहिली नोटीस आली तेव्हा त्यांच्या नातवाच्या मोबाईलवर मेसेज आला आणि त्याने त्याच संध्याकाळी मला फोटो पाठवला.